दाराशी एक नजर

अर्धा चित्रपट झाला असेल नसेल, सोहम कुरकुरायला लागला. मी उठणार तोच ओडिलमावशींनी त्याला माझ्या मांडीवरून उचललं.

"अहो, तुमचा सीन येईल आता. मी नेते ना बाहेर," मी म्हटलं.

"तू बस, रेणू. कोणीतरी नीट बघून मला सांगायला हवं. तुझ्या नवऱ्याचा काही भरवसा नाही."

परीक्षित नोव्हाय गावातल्या ऑफिसातून थेट आला होता. खुर्चीत पेंगत होता.

मिशिगनमधल्या ॲन आर्बरला ओडिलमावशी आमच्या खालच्या अपार्टमेंटमध्ये राहायच्या. अमेरिकन नवऱ्याबरोबर आल्या, तो गेला, त्या राहिल्या. त्याआधी पॅरिसला अर्धं आयुष्य नाटकं, सिनेमे; मोलकरीण, नर्स, शेजारीण अशा छोट्या भूमिका. 'मी दार उघडणारी बाई,' असं स्वतःच हसून सांगायच्या. सिनेमा लागायचा तेव्हा संध्याकाळी त्या कुठल्यातरी नाटकात उभ्या असायच्या, त्यामुळे स्वतःला पडद्यावर पाहणं राहूनच गेलं.

या चित्रपटात त्या आया होत्या. रडणारं बाळ उचलून बाहेर न्यायचं, म्हणजे नायिकेला सावकाश रडता येईल. पण दाराशी थांबून त्यांनी एकदा मागे वळून पाहिलं होतं. दिग्दर्शकानं सांगितलं नव्हतं. "तेवढंच काय ते माझं," त्या म्हणायच्या. ते ठेवलं की कापलं, त्यांना कधी कळलं नाही. युनिव्हर्सिटीत तो चित्रपट दाखवणार हे कळल्यावर त्यांनी निळा कोट इस्त्री करून आणला.

पडद्यावर आया आली. केवढी तरुण! बाळ खांद्यावर घेऊन ती दारापर्यंत गेली, आणि पडदाभर नायिकेचा चेहरा आला. दार लागल्याचा आवाज तेवढा ऐकू आला.

चित्रपट संपल्यावर आम्ही लॉबीत आलो. सोहम त्यांच्या खांद्यावर झोपला होता. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी पिशवीतून सोहमची टोपी काढली.

"होतं ना, मावशी," मागून परीक्षित म्हणाला. "काय लुक होता! असा, डाव्या खांद्यावरून."

"डाव्या खांद्यावर बाळ होतं," त्या हळूच म्हणाल्या.

परीक्षित कारच्या किल्ल्या शोधायला लागला.

"टोपी घाल त्याला, बाहेर गार आहे." सोहमला माझ्याकडे देऊन त्यांनी पुढे होऊन दार उघडून धरलं.

गाडीपाशी पोचल्यावर मी मागे वळून पाहिलं. माणसं बोलत, हसत बाहेर पडत होती. निळ्या कोटातल्या ओडिलमावशी त्यांच्यासाठी अजून दार धरून उभ्या होत्या.