इंटरवलनंतर

अव्वा, म्हणजे माझी आई, सिनेमा इंटरवलनंतरच बघायची.

दुपारी टीव्हीवर दक्षिणेकडचे डब केलेले भुतांचे सिनेमे लागतात. एका बाईवर अत्याचार होतो, ती मरते, केस मोकळे सोडून परत येते आणि चौघांना एकेक करून संपवते. भांडी घासून, शेंगा फोडून झाल्या की मग अव्वा समोर बसायची. जगदेवी काकू, माझ्या धाकट्या काकांची बायको, चहा घेऊन यायची.

"किती मेले गं अक्का?"

"तीन. एक ऱ्हायलाय."

"मग चहात साखर कमीच घालायला पायजे हुती. उगं जोर यायचा तुला."

मी कॉलेजात ग्रंथपाल. एकदा शहाणपणानं अव्वाला म्हणाले, की असल्या गोष्टींना बाईचं दुःख फक्त पुढच्या रक्तासाठी हवं असतं. तिच्याशी कुणाला देणंघेणं नसतं.

"पयला तास मी बघतच न्हाय," ती म्हणाली. "त्यो मला म्हाईत हाय."

मग तिनं सांगितलं. बाबा ट्रकवर असायचे ती वर्षं. थोरले काका, गुरुबसप्पा. स्वयंपाकघराची आतून लावलेली कडी. चार वाक्यांत संपलं. पोलिसांत जाऊ, असं मी म्हटलं. तीस वर्षं होऊन गेली होती.

"आदी मरावं लागतं बघ तिला," टीव्हीकडे बघत ती म्हणाली. "त्याबिगर कुणी भीत न्हाय."

या मार्चमध्ये, दवाखान्यातल्या शेवटच्या आठवड्यात तिनं एकच मागितलं. "त्येची माती माज्यावर पडू दिऊ नको."

आमच्यात बसवून पुरतात. खड्ड्यात अव्वाला बसवलं होतं. कपाळाला विभूती, मांडीवर बेलाची पानं. स्वामींचे मंत्र झाले. बाबा आधीच गेलेले, म्हणून मातीची पहिली मूठ मी टाकली. माझ्यामागे, घरातले थोरले म्हणून, गुरुबसप्पा काठी टेकत आले. वाकायला त्यांना वेळ लागला. मी तेवढा वेळ बघत राहिले. इतकी पुस्तकं वाचलेली, पण त्यातलं एक वाक्य आठवेना. त्यांनी मूठ पुढे केली तेव्हा मी मनगट धरलं.

"तुमची नको."

"काय म्हणाली?"

"तुमची माती नको. अव्वानं सांगून ठेवलंय."

"पोरीला काय सुधरत न्हाय आज," मागून कुणीतरी म्हणालं. "मनाला लावून घिऊ नका, अप्पा."

मनगट हलकं होतं, वाळलेलं. मला वाटलं होतं, ते ओरडतील. ते माझ्याकडे बघतच नव्हते. खड्ड्यात बसलेल्या अव्वाच्या तोंडाकडे बघत होते. मूठ सुटली, माती त्यांच्याच पायाशी पडली. "चक्कर येतीया," म्हणत ते लिंबाच्या सावलीत जाऊन बसले. रांग पुढे सरकली.

मला हलकं वगैरे वाटलं नाही. कुठंतरी टेकावं, एवढंच वाटत होतं.

घरी आल्यावर दारात काकूनं पायावर पाणी घातलं. खड्ड्यापाशी झालेलं माझ्याआधी घरी पोचलं होतं. पाय धुऊन झाले तरी ती घालतच राहिली.

"अक्का मला कदी बोलली न्हाय," ती म्हणाली. "मीबी तिला न्हाय बोलले."

मी तिच्याकडे बघितलं. ती तांब्याकडे बघत होती.

"माज्या मातीच्या वक्ताला तू सोलापुरातच असशील न्हवं?"

"असेन, काकू."

तिनं उरलेलं पाणी स्वतःच्या पायावर ओतलं आणि आत गेली.