बानूबाईची पापणी

निरगुडसरच्या बानूबाईला मेंढराच्या पोटातलं दुखणं त्याच्या डोळ्यात दिसायचं. खालची पापणी अंगठ्यानं ओढायची. आत लाल दिसलं तर मेंढी धडधाकट, पांढरं दिसलं तर जंतांनी रक्त पिलं. या एका विद्येवर तिनं चाळीस वर्षं कळप राखला. एकदा उसातून बिबट्या आला, तर बाईनं त्याचीही पापणी ओढून पाहिली आणि "रगात कमी हाय तुझ्यात, उगं पळापळ करू नको," असं बजावून त्याला वाटेला लावलं. बिबट्याचं पटत नसेल तर सोडून द्या. पापणीचं मात्र खरं आहे.

यंदा दिवाळीनंतर बाईला जरा चढ लागला की धाप लागू लागली. तिनं आरशात स्वतःची पापणी ओढली. चुन्यासारखी पांढरी. निदान झालं, आणि औषध तर घरातच होतं. तिनं मेंढरांच्या जंताच्या औषधाची बाटली काढली, आपलं वजन दोन मेंढ्यांएवढं धरलं आणि तेवढं घशात ओतलं.

दोन दिवस ओकून झाल्यावर सून पुष्पानं तिला मंचरला नेलं.

तिथल्या डॉक्टर हर्षाली तिच्या नातीच्या वयाच्या. बाटलीचं ऐकून त्यांनी कपाळाला हात लावला. "आजी, पापणी तुम्ही बरोबर वाचलीत. पण असलं औषध पुन्हा घेतलंत तर मी तुम्हाला जनावरांच्या दवाखान्यात धाडीन."

"तिथं माझी वळख हाय," बानूबाई म्हणाली.

रक्त निम्म्यावर आलं होतं. घशातून दुर्बीण उतरली तेव्हा पोटाच्या अस्तरावर मांसाचे बारीक बारीक कोंब दिसले, डझनभर तरी. आणि खालच्या अंगाला एक जांभळाएवढा, लालभडक, रक्त पाझरणारा. डॉक्टरांनी तारेचा फास टाकून तो बुडातून काढला, बारक्यांतले दोन चिमट्यानं खुडले आणि सगळं तपासायला पुण्याला पाठवलं.

"याला पॉलिप म्हणतात," त्या म्हणाल्या. "बहुतेकदा दुखत नाही, म्हणून कळत नाही. तुमचा मोठा रोज थोडं थोडं रक्त गाळत होता."

"जाती किती याच्यात?" मेंढरंवालीला पहिला प्रश्न हाच सुचायचा.

"मुख्य तीन धरा. पहिली जात हे बारके, ते बहुधा ॲसिडिटीची गोळी वर्षानुवर्षं घेतल्यानं येतात. घेता का?"

"आठ वर्सं."

"कुणी लिहून दिली?"

"आमच्या मालकांना दिली व्हती, पंधरा दिवसांची. ते गेले, डबी ऱ्हायली. मग मेडिकलवाला देत गेला."

डॉक्टरांनी 'आठ वर्षं' असं केसपेपरवर लिहून खाली रेघ ओढली. मग म्हणाल्या, "दुसरी जात पोटाला जुनी सूज असली की येते. बऱ्याचदा एक बॅक्टेरिया ती सूज धरून ठेवतो. तिसरी कमी दिसते, पण कॅन्सरकडे वळू शकते ती तीच. मोठा कुठल्या जातीचा, ते नुसतं बघून नक्की सांगता येत नाही. दहा दिवस थांबा."

घरी मुलाच्या कानात फक्त तिसरी जात शिरली. सुदर्शन चाकणला कंपनीत होता. त्यानं फोनवरूनच कळपाचा सौदा ठरवून टाकला. "आये, आता तुझ्यानं व्हायचं न्हाई. गुरुवारी सुट्टी हाय माझी, दादाभाऊ यापारी टेम्पो घेऊन येतोय."

पाव्हणेही यायला लागले. केळी, शहाळी, ओझरच्या गणपतीचा अंगारा. बांधावरून वीस वर्षं भांडलेली शेजारीण म्हणाली, "लई गुणाची व्हती गं बाई." बानूबाईनं तिचंच केळं सोलून तिच्यासमोर खाल्लं.

गुरुवारी टेम्पो आला तेव्हा बाई मेंढरांभोवतीच्या जाळीच्या तोंडाशी काठी आडवी टाकून बसली होती.

"आये, ऊठ."

"पोट माझं, कोंब माझा, मेंढरं माझी. तुजं काय हाय ह्यात?"

"आन् तिसरी जात निघाली म्हंजी?"

"निघू दे. डाक्टरीण म्हनली, लागंल तो इलाज करू. त्यात मेंढरं इका असं कुठं म्हनली? तू लई शिकलास, पर रिपोर्ट यायच्या आदी मड्याला खांदा द्यायला निगालास."

दादाभाऊ खाली उतरून तंबाखू मळत उभा राहिला. माय-लेकाच्या मध्ये पडण्याइतका तो खुळा नव्हता. तेवढ्यात पुष्पाचा फोन वाजला. तिनं डॉक्टरांचा आवाज स्पीकरवर टाकला.

"मोठा दुसऱ्या जातीचा, कॅन्सर नाही. बारके गोळीचेच, ती गोळी आता बंद. बॅक्टेरिया सापडलाय, त्याला चौदा दिवस औषध, एकही डोस चुकवायचा नाही. मग तो गेला का ते तपासू. मी दिलेल्या लोहाच्या गोळ्या चालू ठेवा आणि वर्षानं परत दुर्बीण."

"येते की," बानूबाई फोनकडे तोंड करून म्हणाली. "मेंढरं पिंपळवंडीच्या रानात खतासाठी बसवते, तितनं येते."

सुदर्शन काठीकडे बघत राहिला. मग त्यानं टेम्पोची फळी स्वतःच्या हातानं वर लावली. "दादाभाऊ, तुमाला उगं हेलपाटा झाला," तो म्हणाला.

"झाला खरा," दादाभाऊ म्हणाला, आणि पायरीवर चढताना त्याला दम लागला. बानूबाई उठली, त्याच्यापाशी गेली आणि न विचारता त्याची पापणी ओढली. आत पांढरंच.

"ती पित्ताची गोळी किती वर्सं घेतोस रं?"

"बारा."

"पुष्पा, डाक्टरणीचा नंबर दे ह्याला."

आणि तिनं काठी उचलून मेंढरं चरायला सोडली.