रुख्माच्या तोंडचा आवाज

पडद्यावरच्या रुख्माने तोंड उघडले आणि भलत्याच बाईचा आवाज बाहेर पडला.

"अगं बाई, यंदा पीक किती छान आलंय!"

धानपट्ट्यातल्या गोरेगावच्या बाजारात ठोकलेल्या तंबूत एकच हशा पिकला. शालीकराम सिनेमाच्या मशीनपाशी उभा होता. त्याची बायको रुख्मा जन्माची मुकी. ऐकू तिला सगळे येई, बोलता तेवढे येत नसे. हे अख्ख्या गावाला ठाऊक होते. आणि ती पहिल्याच रांगेत बसली होती.

शालीकराम हा दुलीचंद शेठच्या फिरत्या सिनेमाचा ऑपरेटर. बारा वर्षे त्याने लोकांना नाचगाणी आणि तलवारबाजी दाखवली. मग एकदा त्याच्या मनात आले, आपल्या घरी रोज जे दिसते ते कुणीच कसे दाखवत नाही? शेठचा चावी भरून चालवायचा कॅमेरा मागून घेऊन त्याने दोन वर्षे रुख्माला टिपले. रोवण्यात, चिखलात धानाची रोपे लावताना वाकलेली, धान उफणणारी, शेजारणीचे ऐकून हसणारी. आधी ती कॅमेरा दिसला की पळे.

"तुले बोलाचं कामच नाही," तो तिला म्हणाला होता. "तू दिसतेस, तेच बोलणं."

ना गोष्ट, ना गाणे, ना आवाज. शेठनेही मान डोलावली होती, "तू बोलेगा वैसाच. माझा शब्द." फिल्म धुवायला तोच मुंबईला घेऊन गेला. रीळ आज दुपारी हातात आले. सुरुवातीच्या पाटीवर नाव शेठचेच होते. ते शालीकरामने गिळले.

पण हे? त्याने आवाजाचे बटण फिरवून बंद केले. तंबू गप्प झाला. पडद्यावर रुख्मा नुसतीच हसत राहिली. तिची तीच.

शेठ धावत आला. "आवाज काऊन बंद केला बे?"

"शेठ, तुमी शब्द देला होता."

"अरे, मुकी औरत कोण पाहते? पब्लिकले बोलणारी पाहिजे!" शेठने बटण पुन्हा फिरवले. पडद्यावरची रुख्मा गाऊ लागली.

खेळ सुटल्यावर शालीकराम तिच्याशेजारी जाऊन बसला. "मी नाही केलो हे, रुख्मा."

तिने त्याच्याकडे पाहिले नाही. पण घरी जाताना ती त्याच्या बरोबरीने चालली.

दुसऱ्या दिवशी त्याने कॅमेरा शेठकडे नेऊन ठेवला आणि नोकरीही सोडली.

आठवड्याने खळ्यावर धान उफणताना शेजारची धुरपता म्हणाली, "काऊन वं रुख्मा, पीक छान आलं का?" बायका खिदळल्या. रुख्माने पदर तोंडावरून घेतला, मानेमागे गाठ मारली आणि सूप उचलले. धुळीसाठी सगळ्याच बायका तसे बांधतात.

संध्याकाळी ती घरी आली. चूल पेटवली, शालीकरामला भात वाढला आणि समोर बसली. तोंडावरच्या पदराची गाठ तशीच होती.