एकशे बाराव्या पानावरची चिठ्ठी

मित्रांनो, मी एक जुना ग्रंथ आहे. लोक मला नुसते पुस्तक म्हणतात, पण दोन देशांचा संसार पोटात घेऊन चाळीस वर्षे ताठ उभा राहिल्यावर एवढा मान मागण्याचा हक्क मला आहे. माझे नाव 'एक नदी, दोन देश'. माझा पुठ्ठा करडा, कोपरे झिजलेले आणि स्वभाव हट्टी. तो हट्ट मी लेखिकेकडून घेतला.

नदीच्या अलीकडे आपला देश, पलीकडे शेजाऱ्यांचा. पाणी एकच, माती एकच, आणि दोघे स्वतंत्रही एकाच वर्षी झाले. मग ते पुढे कसे गेले आणि आपण मागे का राहिलो, हा प्रश्न माझ्या लेखिकेला स्वस्थ बसू देईना. ती काही मोठी पंडिता नव्हती. ती परिचारिका होती आणि सगळे तिला नर्सबाई म्हणत. बारा वर्षे तिने अलीकडे बाळंतपणे केली, आठ वर्षे पलीकडे. शाळा, कचेऱ्या, निवडणुका, दवाखाने, जे डोळ्यांनी पाहिले ते तिने वह्यांत उतरवले. त्या वह्यांतून मी जन्मलो.

माझा जन्म एका छोट्या छापखान्यातला. तिथे शिशाची अक्षरे एकेक उचलून ओळी लावणारा एक जुळारी होता. कामाला चोख, पण देशाविषयी कोणी वावगे बोललेले त्याला खपत नसे. एकशे बाराव्या पानावर एक तक्ता होता: हजार बाळंतपणांत आपल्याकडे नऊ आया दगावतात, पलीकडे दोन. नर्सबाईने ते पान तपासून दिले आणि ती कामावर गेली. छपाई सुरू करता करता जुळाऱ्याची नजर त्या तक्त्यावर पडली.

"बाईंच्या हातून उलटं झालंय," तो पुटपुटला. "आपण कसे मागे असू?"

त्याने दोन्ही देशांची नावे उचलली आणि त्यांची अदलाबदल केली. बाईची अब्रू वाचवली, या समाधानात तो जेवायला गेला.

मग काय विचारता! एका वर्तमानपत्राने तो तक्ता चौकटीत छापला. सभांमध्ये मला उंच धरून दाखवले जाऊ लागले. माझ्या एका पानावर एक आणि पुढच्या पानावर नेमके त्याच्या उलट लिहिले आहे, हे मला ठाऊक होते. तरी मी फुशारलो, हे कबूल करतो. तक्त्याच्या पुढे कोणी वाचतच नव्हते, म्हणून माझे बिंग फुटले नाही.

ते फोडले नर्सबाईनेच. ती चौकट वाचली तेव्हा तिच्या हातातला चहा तसाच गार झाला. ती तडक छापखान्यात आली.

"हे कोणी फिरवलं?"

"मी," जुळारी म्हणाला. "मला वाटलं, तुमची चूक झाली."

"माझी चूक असती तर बरं झालं असतं, दादा. अशा चौघीजणी बाळंतपणात माझ्या हातांवर गेल्यात."

जुळाऱ्याने लगेच अक्षरांची पेटी पुढे ओढली. तिथे आलेले प्रकाशक मात्र म्हणाले, "पुस्तक हातोहात जातंय बाई, आता कशाला उकरून काढता?" तेव्हा जुळाऱ्यानेच दुपारच्या सुट्टीत बसून सुधारणेच्या चिठ्ठ्या छापल्या. नर्सबाईने रजा काढली, पिशवीत खळीचा डबा घेतला आणि ती वाचनालये पालथी घालत निघाली. एकूण एक्केचाळीस वाचनालये. मी शेवटच्या वाचनालयात होतो.

तिथे वेगळेच संकट उभे होते. त्या शहराच्या नगराध्यक्षांनी बाजारामागचे प्रसूतिगृह बंद करायचे ठरवले होते. आपल्याकडे दोनच आया दगावतात, मग एवढा खटाटोप कशाला, असे त्यांचे म्हणणे. पुरावा म्हणजे मी. सोमवारी नगरपालिकेच्या सभेत मलाच वाचून दाखवणार होते. माझ्यामुळे एका दारावर कुलूप चढणार, या विचाराने मला माझीच लाज वाटली.

शनिवारी नर्सबाई आली. ग्रंथपालांनी चष्म्यावरून पाहिले.

"पुस्तकात काही चिकटवायचं नाही, असा नियम आहे."

"मग ही तारखांची पट्टी कोणी चिकटवली?"

"ती वाचनालयाची."

"तर ही चिठ्ठीही वाचनालयाचीच समजा. पण आधी पुढचं पान वाचा आणि मग ठरवा."

ग्रंथपालांनी मला उघडले. त्यांनी एक पान वाचले, मग दुसरे. संपूर्ण प्रकरण संपेपर्यंत ते जागचे हलले नाहीत. मग त्यांनी स्वतः हात पुढे केला आणि म्हणाले, "खळ आणा इकडे."

सोमवारी नगराध्यक्षांनी खणखणीत आवाजात वाचायला घेतले. चिठ्ठीवर आले आणि आवाज खाली गेला. नऊ मृत्यू आपल्या देशात, दोन पलीकडे.

"हे कोणी चिकटवलं?"

"मी," ग्रंथपाल उभे राहिले.

"आणि चूक माझी," मागच्या रांगेतून जुळारी म्हणाला. नर्सबाईचा निरोप मिळताच तो दिवसभराचा प्रवास करून आला होता.

नगराध्यक्षांनी चिठ्ठीवरचे आकडे पुन्हा वाचले. मग जरा घुश्शातच म्हणाले, "पण त्यांच्याकडे दोनच कशा?"

"पान उलटा, साहेब," नर्सबाई म्हणाली.

त्यांनी उलटले आणि सगळ्यांदेखत वाचले. पलीकडच्या प्रत्येक नगरपालिकेत महिन्याची सभा सुरू होताना त्या महिन्यात बाळंतपणात गेलेल्या बायकांची नावे वाचतात. सारे सदस्य उभे राहून ऐकतात. प्रत्येक बाई का गेली आणि आता कोण काय करणार, हे ठरल्याशिवाय कोणी खाली बसत नाही. खाली माझ्या लेखिकेचे वाक्य होते: 'तिथली माणसे आपल्याहून हुशार नाहीत. ती फक्त उभी राहतात.'

प्रसूतिगृहाला कुलूप लागले नाही. पुढच्या महिन्यात त्या सभागृहात पहिल्यांदा नावे वाचली गेली. तीन होती. एक सदस्य पाय दुखतात म्हणून कुरकुरला, पण उभा राहिला.

मित्रांनो, आता माझी शिवण उसवली आहे आणि वर्ष वर्ष मला कोणी हात लावत नाही. मला झटकून ठेवा, ओलीपासून दूर ठेवा, एवढी काळजी घ्याच. पण खरी काळजी वेगळी आहे. आपल्या देशाची बढाई सापडली की तिथेच मला मिटू नका, पुढचे पान वाचा. चूक दिसली तर ती सरळ सांगा. माझ्या अंगावर चिठ्ठी लागली तर मला कमीपणा नाही, मी ती बिल्ल्यासारखी मिरवतो.

परवा ग्रंथपालांची नात मला पुसत होती. हल्ली तीच नगरपालिकेत नावे वाचते. तिने मला सांगितले, या महिन्यात सगळे उभे राहिले आणि तिच्या हातातला कागद कोरा होता.