तीन दारांचा कारखाना

जदआनची धाकटी लेक वदहा नवरा वारल्यावर दोन पोरं घेऊन माहेरी परतली, त्याच वर्षी ऐन-शुबैल गावात विकास आला. वदहा आली ती भाड्याच्या पिकअपमधून, चार गाद्या आणि एक शिलाई मशीन घेऊन. विकास आला तो काळ्या काचांच्या गाड्यांतून. गावाने दोघांनाही मन्सफ, म्हणजे दह्यात शिजवलेलं मटण आणि भात, खाऊ घातलं. वदहासाठी एक बकरं कापलं, विकासासाठी नऊ.

विकास म्हणजे शर्ट शिवायचा कारखाना. पैसे परदेशी सरकारांचे, जमीन आपल्या सरकारची, आणि भाषणं दोघांची मिळून. दारावर पाटी लागली. मदत देणाऱ्यांचे तिच्यावर एवढे झेंडे होते की कारखान्याच्या नावाला खाली बोटभर जागा उरली. व्यवस्थापक म्हणून अम्मानहून वाइल नावाचा तरुण इंजिनियर आला. त्याने शिवणाऱ्या बायकांची परीक्षा घेतली. वदहा परीक्षेला बसली, पास झाली आणि कामाला जाऊ लागली.

जदआनला हे रुचलं नाही. लेकीने काम करण्याला त्याची हरकत नव्हती. त्याला फौजेचं निवृत्तिवेतन मिळायचं, पण त्यात आता तीन तोंडं वाढली होती. त्याला बोचत होतं ते वेगळंच.

"जदआनच्या पोरीला परीक्षा द्यावी लागली?" तो म्हणाला. "लोक म्हणतील, म्हाताऱ्याचा शब्द चालेनासा झाला."

"बाबा, मला शिवता येतं म्हणून घेतलं त्यांनी."

"हीच तर लाज. शिवता येतं त्याला कोणीही घेईल."

जदआनचा शब्द म्हणजे कॉफीचा पेला. आमच्याकडे मागणं घेऊन जायचं तर चार वडीलधारे अबायाचे पायघोळ झगे पांघरून जातात. यजमान कडू कॉफी देतो. पुढारी पेला हातात घेतो आणि ओठाला न लावता समोर ठेवून देतो. मागणं मान्य झालं, की प्यायची. पाहुणा कॉफी तशीच ठेवून उठला, तर यजमानाने घरदार विकून गाव सोडलेलं बरं. अशा पेल्यावर जदआनने गावच्या पोरांसाठी दुसऱ्यांच्या लेकी मागितल्या होत्या, दोन खून माफ करवून घेतले होते. त्याची कॉफी आजवर कुठे थंड झाली नव्हती.

तर एका गुरुवारी तो वडीलधाऱ्यांना घेऊन कारखान्यात गेला. वाइलने सगळ्यांना कॉफी दिली. जदआनने पेला टेबलावर ठेवला. मागोमाग सगळ्यांनी ठेवले.

"काका, कॉफी आवडली नाही का?" वाइल म्हणाला. "नेसकॉफी मागवू?"

जदआनने पेला बोटभर पुढे सरकवला.

"चहा चालेल? पुदिना घालून?"

शेजारी बसलेला अबू दहाम, म्हणजे गावातल्या दुसऱ्या घराण्याचा म्होरक्या, छताकडे बघत दाढी खाजवू लागला. शेवटी कचेरीतला कारकून वाकून वाइलच्या कानात काहीतरी बोलला. वाइलचा चेहरा उतरला.

"सांगा काका, काय हुकूम?"

"माझा पुतण्या मुफलिह. घरी बसून गंजतोय. लावून घे त्याला."

"शिवणकाम येतं?"

सगळ्या म्हाताऱ्यांनी नकारासाठी एकदम हनुवट्या वर केल्या. "पुरुष आहे तो," जदआन म्हणाला.

"मग गाठोडी उचलायला..."

"गाठोडी उचलायला इजिप्तचे मिसरी मजूर आहेत की! राखणदार कर त्याला. गणवेश, खुर्ची आणि सावली. आमचं पोर जास्त काही मागत नाही."

वाइल शहरात वाढलेला असला तरी त्याचा आजा खेड्यातलाच होता. "प्या काका," तो म्हणाला. "झालं तुमचं काम."

मुफलिह खुर्चीवर बसला आणि गावाला वाट सापडली. पुढच्या गुरुवारी अबू दहाम आपल्या माणसांना घेऊन गेला. त्याच्या पुढच्या गुरुवारी डोंगराकडच्या वस्तीवरचे लोक आले. मग जदआन पुन्हा गेला, कारण अबू दहामचे तीन राखणदार आणि आपला एकच, ही गोष्ट त्याच्या घशाखाली उतरेना. वाइल हो म्हणायचा आणि हे प्यायचे.

लवकरच मशीनपेक्षा राखणदार जास्त झाले. मग अडचण उभी राहिली ती दाराची. दार एक. अबू दहामच्या माणसाने जदआनच्या माणसाला "कुठे चाललास?" असं विचारलं, तर संध्याकाळी बंदुका निघायच्या. म्हणून भिंत फोडून दुसरं दार केलं. डोंगराकडच्यांनी आपल्यासाठी तिसरं मागितलं. एका दाराचा कारखाना होता तोवर सुतळीचा तोडा गेला नव्हता. तीन दारं झाली आणि कापडाचे तागेच्या तागे चालू लागले. त्या ईदला गावातल्या निम्म्या पोरांच्या अंगावर एकाच निळ्या पट्ट्याचे सदरे होते.

मदत देणाऱ्यांची समिती आली. तिने तिन्ही दारांचे फोटो काढले, मन्सफ खाल्लं आणि अहवाल पाठवला: राखणदारांना प्रशिक्षणाची गरज आहे. झालं! सगळ्या राखणदारांना मृत समुद्राकाठच्या हॉटेलात नेलं. शिकून आले ते प्रमाणपत्रं आणि हॉटेलचे टॉवेल घेऊन.

नाकापेक्षा मोती जड झाला की नाक फाटतं. बायकांचे पगार रखडले. शर्ट घेणाऱ्या परदेशी व्यापाऱ्याने कळवलं, माल वेळेवर येत नाही, हा महिना बघतो, नाही तर सलाम. वदहा घरी आली ती चप्पल न काढताच बापासमोर उभी राहिली.

"बाबा, कारखाना बुडतोय. राखणदारांचे पगार दिल्यावर धाग्याला पैसे उरत नाहीत. तुमची माणसं उठवा."

"प्यायलेली कॉफी ओकता येत नाही, पोरी."

"तुम्ही सगळ्यांनी मिळून कारखाना प्यायलात. घोट घोट करून. आता माझ्या पोरांना काय पाजू?"

"तोंड सांभाळ. तुझी पोरं माझ्या घरी उपाशी राहिलीत का कधी?"

"तुम्ही आहात तोवर नाही," वदहा म्हणाली. जदआन सत्तरीचा होता.

गुरुवारी संध्याकाळी जदआनच्या बैठकीत वडीलधारे जमले होते. अबू दहामही होता. एवढ्यात समोरच्या दारातून, पुरुषांच्या दारातून, शिवणाऱ्या बायका आत आल्या. कारखान्याचे निळे अंगरखे तसेच अंगावर. पुढे वदहा. सलाम करून सगळ्या रांगेने गादीवर बसल्या. कॉफी फिरवणारा मुफलिहच होता. तो गोंधळून काकाकडे बघू लागला.

"पाहुण्या आहेत. दे," जदआन म्हणाला. घरी आलेल्याला कॉफी नाकारणं त्याच्या रक्तात नव्हतं.

वदहाने पेला घेतला आणि समोर जमिनीवर ठेवला. सगळ्या रांगेने ठेवला.

पहिला बोलला अबू दहाम. "हे काय नवीन? बायकांची कॉफी धरत नाहीत."

"का, काका?" वदहा म्हणाली. "तुमच्याइतकीच कडू आहे."

कोपऱ्यात एक म्हातारा हसला आणि खोकल्यात लपला.

"हाजी जदआन," वदहा म्हणाली. बाबा म्हणाली नाही. "आम्ही तुमच्या दारी आलोय. दारावरचे राखणदार उठवा. तोवर आम्ही पिणार नाही."

जदआनने पेल्यांच्या रांगेकडे पाहिलं. वाफ विरत चालली होती. पोरीला झापावं, उठवून लावावं, असं त्याच्या मनात आलं. पण त्याच्या बैठकीत आजवर कोणाचीच कॉफी थंड झाली नव्हती, आणि हे मोडलं तर त्याच्यापाशी निवृत्तिवेतनाखेरीज काय उरणार होतं?

"माझ्या घरची सात माणसं," तो सावकाश म्हणाला, "उद्यापासून घरी. दुसऱ्यांचं त्यांनी बघावं. प्या."

बायका प्यायल्या. मुफलिहच्या हातातली किटली कलंडली.

"अल्लाह तुझं तोंड उजळ करो, जदआन!" अबू दहाम म्हणाला आणि जदआनच्या खांद्याचं चुंबन घेतलं. आपल्या माणसांचं मात्र त्याने नावही काढलं नाही. डोंगराकडचे म्हातारे आपापल्या पेल्यात डोकावत बसले.

दुसऱ्या दिवशी शुक्रवार, सुट्टीचा. शनिवारी सकाळी जदआन स्वतः कारखान्यावर गेला आणि आपल्या सातही पोरांना खुर्चीवरून उठवून घरी घेऊन आला. भावजय गच्चीवर उभी राहून साऱ्या गल्लीला ऐकू जाईल अशी ओरडली, "या म्हाताऱ्याने बायकांपुढे फेटा उतरवला!" भावाने, म्हणजे मुफलिहच्या बापाने, अबू मुफलिहने, त्याच्याशी बोलणं टाकलं.

तरी जदआन दुपारी छाती काढून घरी बसला होता. आयुष्यात पहिल्यांदा त्याने काही मागून घेण्याऐवजी सोडून दिलं होतं, आणि ते त्याला आवडूही लागलं होतं. इतक्यात वदहा आली, कामाच्या वेळेत.

"काय झालं?"

"अबू दहाम वडीलधाऱ्यांना घेऊन आले होते. म्हणाले, सात जागा रिकाम्या झाल्यात असं कळलं."

"आणि इंजिनियर?"

"त्याने कॉफी दिली," वदहा म्हणाली. "त्यांनी ठेवली."

जदआन उठून उभा राहिला, पुन्हा बसला. जाऊन भांडायचं तर कोणाशी? अबू दहामने जे केलं ते जदआननेच गावाला शिकवलं होतं.

महिना संपला आणि व्यापारी गेला. रमजानच्या आधी कारखाना बंद झाला, मशीनं ट्रकात चढली आणि वाइलची अम्मानला बदली झाली. काही बायका पहाटेच्या बसने करक शहराच्या बाजूला कामाला जाऊ लागल्या. वदहा घरी बसून शाळेचे गणवेश शिवू लागली. पैसे निम्मे, कटकट दुप्पट.

राखणदार तेवढे राहिले. इमारत सरकारची, आणि बंद कारखान्याला राखण जास्तच लागते, असं वरून लेखी आलं. तिन्ही दारांवर खुर्च्या आहेत. जदआनच्या दारावर अबू दहामची माणसं बसतात.

"मी माझा शब्द पाळला," जदआन एकदा जेवताना म्हणाला.

"पाळलात, बाबा," वदहा म्हणाली. "म्हणून तर त्यांना जागा झाली." आणि तिने त्याच्या ताटात आणखी भात वाढला.

अबू मुफलिह त्याच थंडीत वारला, भावाशी न बोलता. जदआन पुढच्या वर्षी रजब महिन्यात, सोमवारी दुपारी वारला.