खिडकीवरची गोधडी

मी एक जुनी गोधडी आहे. तुमसरच्या एका आजीने दोन विटकी लुगडी आणि एक धोतर जोडून मला शिवले आणि लेकीच्या लग्नात दिले. लेकीबरोबर मी भिलाईला आले, खुर्सीपारमधल्या रुळांजवळच्या घरात.

मित्रांनो, गोधडी पांघरण्यासाठी जन्मते. माझे आयुष्य मात्र खिडकीवर गेले. त्या लेकीचे, सिंधुताईंचे, काम होते कार्टूनमधल्या प्राण्यांना आवाज देणे. आधी त्या त्यासाठी रायपूरला जात. पुढे घरातच माईक आला, आणि बाहेरचा आवाज आत येऊ नये म्हणून मला खिडकीवर टांगले गेले. कपटी कोल्हा, सर्दी झालेला हत्ती, बोळक्या तोंडाची राक्षसीण, सगळे त्या एकाच गळ्यातून निघत. साठी उलटल्यावरही त्या झुंबर नावाच्या माकडाच्या पोराचा आवाज काढत, तेव्हा नवा दूधवाला विचारी, "घरात लेकरू कोणाचं हाय जी?"

त्यांचे यजमान शेषराव रेल्वेतले निवृत्त गार्ड. ते ओसरीत बसून सिग्नल पाहत आणि दाराच्या काचेतून झेंडी दाखवत. हिरवी असली तर बोलायचे, लाल दिसली की गाडी येते आहे, झुंबरने गप्प बसायचे.

"आली का तुमची सोयरी?" सिंधुताई आतून ओरडत.

"आली. तोंड मीट आता."

मध्यंतरी भिंतींना फोम लागला आणि मी पलंगाखाली गेले. तिथे माझ्यावर मांजर व्याली. मग मे महिना आला, फोमचा गोंद वितळला, सगळा फोम सोलून खाली पडला. मला झटकून पुन्हा खिळ्यांवर चढवले. मांजरीचे केस अजून माझ्या टाक्यांत आहेत.

पुढे सिंधुताईंची छाती खचली. दोन वाक्ये बोलल्या की धाप लागे. त्या जानेवारीत झुंबरचा शेवटचा भाग उरला होता. कंपनीचा निरोप आला की आज आवाज आला नाही तर दुसऱ्या कोणाकडून करून घेऊ. ज्या पोराला त्यांनी बोलते केले, त्याचा निरोप परक्या तोंडी जाणार होता.

सिंधुताईंची लेक दिपाली आवाज टिपणाऱ्या यंत्रापाशी बसली. गोष्ट अशी होती की मोठा झालेला झुंबर आईला सोडून निघतो. शेवटचा एकच संवाद राहिला होता, पण सिंधुताईंचे दात वाजू लागले.

"आई, थंडी वाजून राहिली ना तुले? गोधडी काढू?"

"नको. खिडकी उघडी पडली त झुंबरच्या तोंडात रेल्वे घुसन."

"आन दातं वाजून राहिले, ते नाही घुसत?"

"तू यंत्र पाह्य. मले शिकवू नको."

मी खिडकीवर ताणलेली होते. जिच्यासाठी मला शिवले, ती माझ्यापासून दोन हातांवर कुडकुडत होती आणि मला हलता येत नव्हते. दाराच्या काचेत हिरवी झेंडी दिसली. दिपाली उठली. तिने मला खिळ्यांवरून ओढले आणि आईभोवती गुंडाळले. आई रागावली, पण मला गच्च धरून बसली. दात वाजायचे थांबले.

झुंबर बोलू लागला, "आई, तू रडू नको. मी फांदीफांदीवरून..." आणि तेवढ्यात लाल झेंडी. मालगाडीचा भोंगा उघड्या खिडकीतून थेट खोलीत शिरला. दिपालीचा हात बटणाकडे गेला. सिंधुताईंनी तो धरला. पुन्हा सुरुवात करण्याइतका श्वास आता नव्हता, हे मला त्यांच्या छातीवरून कळत होते.

"अगं आई, माझी गाडी आली!" झुंबर ओरडला. "निघतो गं!"

मग फक्त डब्यांचा खडखडाट.

कंपनीने तो आवाज तसाच ठेवला. चित्रे काढणाऱ्यांनी झुंबरच्या जंगलातून रूळ नेले. होळीच्या आधी सिंधुताई गेल्या.

तेव्हापासून मी कपाटावर आहे, प्लास्टिकच्या पिशवीत. आईची आठवण म्हणून मला कोणी धूत नाही, वापरतही नाही. पुन्हा हिवाळा आला आहे. शेजारच्या खाटेवर शेषराव पातळ चादरीत पाय पोटाशी घेऊन पडतात. मागत नाहीत.

मित्रांनो, आठवण जपायची म्हणून माणसाला उघडे ठेवू नका. दिपाली, पिशवी सोड. आधी मला बाबांवर पांघर.