झेल्मिराचा आवाज

ट्राममध्ये एका फुलाची मान मोडली आणि ओटीलियाबाईंच्या हातात सहाच उरली. तिकडची रीत अशी, की सम संख्येची फुलं थडग्यावर वाहायची, जित्या माणसाला विषमच द्यायची. वृद्धाश्रमाच्या दारातच त्यांनी एक फूल पहारेकऱ्याच्या हातात कोंबलं आणि पाच घेऊन आत गेल्या.

जेवणघरात सगळे टीव्हीसमोर जमले होते. ईस्टरनिमित्त ओटीलियाबाईंचाच साठ वर्षांपूर्वीचा सिनेमा लागणार होता. खिडकीशी चाकांच्या खुर्चीत झेल्मिरा होती. अर्धांगानं तिची वाचा गेली, त्याला दोन वर्षं झाली होती. ओटीलियाबाईंनी फुलं तिच्या मांडीवर ठेवली.

त्या सिनेमात चेहरा ओटीलियाबाईंचा होता आणि आवाज झेल्मिराचा. ओटीलियाबाई तेव्हा पूर्वेकडच्या खेड्यातली एकोणीस वर्षांची पोर, त्यांची गावंढळ बोली दिग्दर्शकाला खपेना. मग नाटकात काम करणाऱ्या झेल्मिराला अंधाऱ्या खोलीत उभं करून सगळी वाक्यं म्हणवून घेतली. पडद्यावर तिचं नाव कुठेच नाही. लोक त्या आवाजावर जीव टाकत राहिले आणि ओटीलियाबाई गप्प राहिल्या, आधी भीतीनं, मग सवयीनं. झेल्मिरानं कधी ब्र काढला नाही, हेच त्यांना जास्त खात होतं. तिच्या डोळ्यांदेखत हे सांगायचं, तर आता फार दिवस हातात नव्हते.

"अहो बाई!" ओंद्रूश नावाचे एक आजोबा कागद-पेन घेऊन सरसावले. "सही द्या. आणि ते स्टेशनवरचं वाक्य एकदा म्हणाच! त्या आवाजापायी आमची बायको जळायची तुमच्यावर."

एरवी त्या घसा बसल्याची थाप मारत. आज उभ्या राहिल्या आणि तोंडातून माहेरची बोलीच बाहेर पडली.

"त्यो आवाज माजा न्हाई. माजा ह्यो असा हाय. त्यो हिचा, ह्या झेल्मिराचा. आन् एवढं सांगाया मला साठ वर्सं लागली."



"म्हणजे आम्हाला बनवलंत होय?" ओंद्रूश म्हणाले.

"तुमास्नी बनवलं. हिला लुबाडलं."

झेल्मिरानं मान खिडकीकडे वळवली.  ओटीलियाबाई तिच्या शेजारच्या खुर्चीत टेकल्या.

सिनेमा सुरू झाला. स्टेशन आलं, धूर आला. "जा तू. दिवा मी लावूनच ठेवीन," पडद्यावरची पोर म्हणाली. ओटीलियाबाईंनी हळूच शेजारी पाहिलं. झेल्मिराची मान पडद्याकडे वळली होती आणि ओठ हलत होते, शब्दाला शब्द, अगदी वेळेवर. आवाज तेवढा नव्हता. ओटीलियाबाईंना रडू आवरेना.

सिनेमा संपल्यावर ओंद्रूशनी कागद झेल्मिरापुढे धरला. "सही तुमची हवी, बाई."

पेन तिच्या बोटांतून निसटलं. ओटीलियाबाईंनी तिच्या हाताखाली आपला हात धरला. वाकडीतिकडी अक्षरं कागदभर पसरली. मग झेल्मिरानं खालच्या रिकाम्या जागेवर बोट ठेवलं आणि ते हलवेचना.

ओटीलियाबाईंनी तिथे आपलं नाव लिहिलं, बारीक अक्षरांत.